तीन क्लस्टर, एक कंट्रोल प्लेन: करमाडाने अ‍ॅप्लिकेशन वाटताना काय काय आधी ठरवावे लागते

प्रश्न थोडक्यात असा: मुंबई आणि हैदराबाद या क्लाउड रीजनमध्ये एकेक कुबरनेटिस क्लस्टर (कंटेनरमधले सॉफ्टवेअर चालवणारा मशीनचा गट) आहे, तिसरे पुण्यात स्वतःच्या डेटा सेंटरमध्ये. चाळीसेक सर्व्हिस आहेत. आज प्रत्येक क्लस्टरवर वेगवेगळे डिप्लॉय करावे लागते. ते एका जागेवरून व्हावे, आणि एखादे क्लस्टर पडले तर बाकीच्यांनी त्याचे काम आपोआप उचलावे. त्यासाठी फेडरेशन (अनेक क्लस्टर एकत्र चालवण्याची व्यवस्था) कसे उभारायचे?

यात खरे तर दोन मागण्या आहेत. एका जागेवरून डिप्लॉय करणे ही पहिली, आणि ती आज बऱ्यापैकी सोपी आहे. आपोआप फेलओव्हर ही दुसरी, आणि खरा त्रास तिथे आहे. दूर बसलेल्या कंट्रोल प्लेनला (क्लस्टरांना आदेश देणाऱ्या भागाला) फक्त एवढेच कळते की अमुक क्लस्टर उत्तर देत नाही. ते बंद पडले आहे की मधली लाइन तुटली आहे, हे त्याला कळण्याचा मार्ग नसतो. लाइन तुटली असेल तर तिथले पॉड (सर्व्हिसच्या चालू प्रती) मजेत चालू असतात, ग्राहकांना सेवाही देत असतात. खाली जे सांगतो आहे त्यातले बरेचसे याच एका अडचणीपाशी येऊन थांबते.

कोणती सर्व्हिस कोणत्या क्लस्टरवर चालणार हे तुमच्याकडे कायमचे ठरलेले असेल, तर फेडरेशन घेऊच नका. आर्गो सीडी या गिटमधून डिप्लॉय करणाऱ्या साधनाचा अ‍ॅप्लिकेशनसेट आणि त्यातला क्लस्टर जनरेटर पुरेसा आहे. एकच साचा, प्रत्येक क्लस्टरसाठी वेगळी मूल्ये, आणि मध्ये नवा कंट्रोल प्लेन सांभाळण्याची जबाबदारी नाही. रेप्लिकांची (एका सर्व्हिसच्या प्रतींची) क्लस्टरांमध्ये वाटणी हवी असेल, किंवा जागा पाहून काम हलवायचे असेल, तरच पुढे जा.

तिन्ही ठिकाणचे नोड (मशीन) एकाच मोठ्या क्लस्टरमध्ये घालण्याचा विचार मात्र सोडून द्या. एटसीडीचा (क्लस्टरची स्थिती साठवणाऱ्या डेटाबेसचा) हार्टबीट मुळात १०० मिलिसेकंदांचा आणि लीडरच्या निवडणुकीचा टाइमआउट १००० मिलिसेकंदांचा असतो. प्रत्येक लिखाणाला बहुमताची पोच लागते. शहरांमधली लाइन जरा डगमगली की लीडर बदलत राहतो आणि एपीआय सर्व्हर (सगळे आदेश ज्यातून जातात तो) तिन्ही शहरांत एकदम अडखळतो. वेगळी क्लस्टर ठेवण्याचा सगळा फायदाच त्यात जातो.

कोणते साधन

शोधताना जुने लेख सापडतील, त्यांपासून सांभाळा. कुबरनेटिसचे पहिले फेडरेशन २०१६ मध्ये १.३ आवृत्तीच्या सुमारास आले आणि पुढे सोडून दिले गेले. नंतरचे क्यूबफेडही २०२३ मध्ये अर्काइव्ह झाले. 'फेडरेटेड डिप्लॉयमेंट' असा वेगळा ऑब्जेक्ट लिहायला सांगणारा लेख क्यूबफेडच्या काळातला समजा. आज नव्याने सुरुवात करायची तर करमाडा किंवा ओपन क्लस्टर मॅनेजमेंट हे दोन सरळ पर्याय आहेत. रेप्लिकांची वाटणी ही मुख्य गरज असेल तर मी करमाडाच सुचवेन. २०२१ मध्ये ते खुले झाले, त्याच वर्षी सीएनसीएफ या खुले क्लाउड प्रकल्प सांभाळणाऱ्या संस्थेच्या सँडबॉक्समध्ये, म्हणजे पहिल्या टप्प्यात, आले आणि डिसेंबर २०२३ मध्ये इनक्युबेशनला गेले. मोठी सोय अशी की तुमचे नेहमीचे डिप्लॉयमेंट, सर्व्हिस, कॉन्फिगमॅप जसेच्या तसे चालतात. वाटपाचे नियम वेगळ्या ऑब्जेक्टमध्ये राहतात.

उभारणी

करमाडाला बसायला एक होस्ट क्लस्टर लागते. ते तीन सदस्य क्लस्टरांपैकी एक नसावे. मुंबईतच होस्ट ठेवलात आणि मुंबई पडली, तर काम हलवणाराही तिच्यासोबत पडतो. तीन लहान नोडचे वेगळे क्लस्टर पुरते, पण ते तीन वेगवेगळ्या झोनमध्ये ठेवा.

करमाडासीटीएल या कमांड-लाइन साधनाची 'इनिट' कमांड पाच-दहा मिनिटांत सगळे उभे करते. पण तिच्या मूळ सेटिंगमध्ये एटसीडीची एकच प्रत असते आणि तिचा डेटा होस्टपाथवर, म्हणजे एका नोडच्या डिस्कवर, असतो. शिकायला ठीक. प्रत्यक्ष वापरासाठी हेल्म चार्ट (इन्स्टॉल करण्याचे तयार पॅकेज) किंवा करमाडा ऑपरेटर घ्या. एटसीडीच्या तीन प्रती पर्सिस्टंट व्हॉल्यूमवर ठेवा, एपीआय सर्व्हरच्या किमान दोन, आणि एटसीडीचा स्नॅपशॉट रोज होस्टच्या बाहेर न्या. इनिटने बनवलेली प्रमाणपत्रे ८७६० तासांची, म्हणजे बरोबर एक वर्षाची असतात. ही तारीख मॉनिटरिंगमध्ये आजच घाला. प्रमाणपत्र संपले की चालू पॉडना काहीच होत नाही, म्हणून कोणाच्या लक्षात येत नाही. पण त्या दिवसापासून एकही बदल खाली पोहोचत नाही.

सदस्य जोडण्याच्या दोन पद्धती आहेत. पुश पद्धतीत करमाडा स्वतः सदस्याच्या एपीआय सर्व्हरशी बोलते. मुंबई आणि हैदराबादसाठी 'जॉइन' कमांडने हे करा. पुण्याचे क्लस्टर फायरवॉलच्या मागे असणार, त्यासाठी पुल पद्धत. आधी करमाडावर टोकन तयार करायचे, मग पुण्यात 'रजिस्टर' चालवायचे. तिथला एजंट बाहेरच्या दिशेने जोडणी करून काम खेचून नेतो, त्यामुळे पुण्यात आत येणारे एकही पोर्ट उघडावे लागत नाही.

जोडताना प्रत्येक क्लस्टरला रीजन, प्रोव्हायडर आणि एखादे स्वतःचे लेबल लावा. पेमेंटचा डेटा हाताळत असाल तर रिझर्व्ह बँकेच्या एप्रिल २०१८ च्या निर्देशांनुसार तो भारतातच साठवावा लागतो. उद्या सिंगापूरचे क्लस्टर जोडले गेले तर फेलओव्हरने पेमेंटची सर्व्हिस तिकडे जाऊ नये, याची हमी लेबल आणि कोणत्या क्लस्टरवर जाता येईल हे ठरवणाऱ्या क्लस्टर अ‍ॅफिनिटीतच असली पाहिजे. रात्री अडीच वाजता ड्यूटीवर असलेल्याच्या लक्षात राहील यावर ती सोडू नका.

नेटवर्क: हे सगळ्यात आधी तपासा

करमाडा ऑब्जेक्ट पोहोचवते. एका क्लस्टरमधला पॉड दुसऱ्यातल्या पॉडशी बोलू शकेल, हे ती पाहत नाही. त्यासाठी सबमरिनर, सिलियमचा क्लस्टर मेश किंवा इस्टिओ लागते. पॉडचे पत्ते थेट जोडायचे असतील तर तिन्ही क्लस्टरांचे पॉड आणि सर्व्हिसचे आयपी पट्टे एकमेकांत मिसळता कामा नयेत. नेमके हेच बहुतेक ठिकाणी बिघडलेले असते, कारण सगळ्यांनी मूळ सेटिंग तसेच ठेवलेले असते. फ्लॅनेलचे १०.२४४.०.०/१६, केथ्रीएसचे १०.४२.०.०/१६, क्यूबअ‍ॅडमच्या सर्व्हिसचे १०.९६.०.०/१२. चालत्या क्लस्टरचा पॉड पट्टा बदलणे म्हणजे जवळजवळ क्लस्टर नव्याने बांधणे. पट्टे आधीच आदळत असतील तर सबमरिनरचा ग्लोबलनेट मधला मार्ग देतो, पण शोधाशोध करताना पत्त्यांचा एक जादा थर डोक्यात ठेवावा लागतो. नवी क्लस्टर बांधत असाल तर प्रत्येकाला स्वतंत्र /१६ द्या. नोडला /२४ धरला तर त्यात २५६ नोड बसतात. सिलियममध्ये क्लस्टरचे नाव आणि क्रमांकही वेगळे असावे लागतात. मूळ सेटिंगमध्ये हा क्रमांक १ ते २५५ असतो.

माझा आग्रह असा की क्लस्टरांपलीकडचे कॉल शक्य तितके टाळा. मुंबई-हैदराबाद हवाई अंतर सुमारे ६०० किलोमीटर आहे आणि फायबरमधून प्रकाश सेकंदाला साधारण २ लाख किलोमीटर जातो, म्हणजे आदर्श स्थितीतही जाऊन-येऊन ६ मिलिसेकंद. प्रत्यक्षात त्याहून जास्त. एका विनंतीमागे एकापाठोपाठ वीस कॉल हैदराबादला जात असतील तर किमान १२० मिलिसेकंद नुसत्या प्रवासात जातात. एकमेकांना सतत बोलवणाऱ्या सर्व्हिस एकाच गटात घेऊन सोबत वाटा. बाकीच्यांसाठी सर्व्हिस एक्सपोर्ट आणि सर्व्हिस इम्पोर्ट या जोडीने क्लस्टरसेटचे (जोडलेल्या सगळ्या क्लस्टरांचे सामायिक) नाव वापरा. तेव्हा एका नावाची नेमस्पेस (क्लस्टरमधला नावांचा वेगळा कप्पा) सगळीकडे त्याच कामाची आहे असे धरले जाते. पुण्यात 'पेमेंट' नावाची नेमस्पेस दुसऱ्याच टीमची असेल तर ती आधी बदलून घ्या. करमाडावर तयार केलेली नेमस्पेस सगळ्या सदस्यांवर आपोआप उमटते, हेही इथेच लक्षात घ्या.

वाटपाचे नियम

करमाडाच्या एपीआय सर्व्हरवर डिप्लॉयमेंट टाकले आणि काहीच घडले नाही, ही पहिल्या दिवसाची नेहमीची तक्रार. तिथे पॉड चालतच नाहीत, तो नुसता साचा असतो. त्याला जुळणारी प्रॉपगेशन पॉलिसी (वाटपाचा नियम) आली की रिसोर्स बाइंडिंग तयार होते, शेड्यूलर त्यात क्लस्टर आणि रेप्लिकांचे आकडे भरतो, प्रत्येक क्लस्टरसाठी एक 'वर्क' बनते, आणि वर्कमधला मजकूर सदस्यावर लागू होतो. ही साखळी पाठ करा. बिघाड शोधताना हीच वापरायची आहे.

पॉलिसीत रेप्लिका शेड्यूलिंगचा भाग लिहिलाच नाही तर प्रत्येक क्लस्टरला पूर्ण संख्या मिळते. साच्यात ९ असतील तर तिन्हीकडे मिळून २७ पॉड उभे राहतात. मग डेटाबेसची कनेक्शन संपतात, आणि दोष डेटाबेसला दिला जातो. वाटणी हवी तर 'डिव्हायडेड' लिहा आणि वजने द्या. मुंबईला २ आणि हैदराबादला १ दिले तर ९ पैकी ६ आणि ३.

वजने स्थिर ठेवायची की उपलब्ध जागेवर? सुरुवातीला स्थिर. कोणत्या क्लस्टरवर किती पॉड आहेत हे नियम वाचूनच सांगता येते. जागेप्रमाणे वाटणी हवी असेल तर प्रत्येक सदस्यासाठी शेड्यूलर एस्टिमेटर (नोडागणिक मोकळी जागा मोजणारा भाग) लावा. तो नसेल तर हिशेब क्लस्टरच्या गोषवाऱ्यावर होतो आणि गोषवाऱ्याला तुकडे दिसत नाहीत. दहा नोडवर प्रत्येकी ३०० मिलिकोअर मोकळे असतील तर बेरीज ३ कोअर दिसते, पण ५०० मिलिकोअर मागणारा एकही पॉड तिथे बसत नाही. अशा लटकलेल्या रेप्लिका दुसरीकडे नेण्यासाठी करमाडाचा डिशेड्यूलर आहे. पॉड पाच मिनिटे जागेविना राहिला की तो रेप्लिका परत घेतो. हे जागेप्रमाणे वाटणीतच चालते.

अवलंबून असलेल्या वस्तू सोबत न्या असा पर्याय पॉलिसीत आहे, तो चालू करा. मग डिप्लॉयमेंटने वापरलेले कॉन्फिगमॅप आणि सिक्रेट मागोमाग जातात. सर्व्हिस मात्र जात नाही, कारण डिप्लॉयमेंटमध्ये तिचा उल्लेखच नसतो. ती निवडीत वेगळी लिहावी लागते.

क्लस्टरागणिक फरक ओव्हरराइड पॉलिसीत ठेवा: मुंबईत क्लाउडची रजिस्ट्री, पुण्यात आतली, स्टोरेज क्लासचे नाव वेगळे. ओव्हरराइड पॉलिसी प्रॉपगेशन पॉलिसीच्या आधी लागू करा. उलट क्रमाने केले तर मूळ साचा आधी खाली जातो आणि पुण्यात थोडा वेळ चुकीच्या रजिस्ट्रीचे पॉड इमेज मागत बसतात.

आता चालत्या अ‍ॅप्लिकेशनना फेडरेशनखाली आणण्याबद्दल. सदस्यावर त्याच नावाचे डिप्लॉयमेंट आधीपासून असेल तर करमाडा मूळ सेटिंगमध्ये त्याला हात लावत नाही, थांबते. हे संरक्षण आहे. ते सगळीकडे सरसकट उठवू नका. एकेक सर्व्हिस घ्या, साचा आणि चालू यॅमल यांतला फरक पाहा, आणि मगच त्या पॉलिसीत 'ओव्हरराइट' करा. काढून टाकतानाही इतकीच काळजी घ्या. साचा पुसला की तिन्ही क्लस्टरवरची प्रत पुसली जाते. फेडरेशन सोडायचे पण पॉड ठेवायचे असतील तर पुसताना रिसोर्स जपण्याचा पर्याय पॉलिसीत आधी चालू करा, तो खाली पोहोचल्याची खात्री करा, आणि मग साचा काढा.

आर्गो सीडीला करमाडाचा एपीआय सर्व्हर हे एकच ठिकाण द्या. त्याच वस्तू ते सदस्यांवर थेटही टाकत असेल तर दोघे एकमेकांचे बदल उलटवत राहतील.

रोलआउट: एकदम सगळीकडे जाऊ देऊ नका

साचा बदलला की बदल तिन्ही क्लस्टरवर एकाच वेळी जातो. चुकीचा टॅग असेल तर तिन्ही शहरे एकत्र पडतात, आणि वेगळी क्लस्टर ठेवून काहीच साधत नाही. अलीकडच्या आवृत्त्यांमध्ये प्रॉपगेशन पॉलिसीत ठरावीक क्लस्टरांकडे पाठवणे थांबवता येते. मुंबई आणि हैदराबाद थांबवा, साचा बदला, पुण्यात अर्धा तास चुकांचे प्रमाण आणि लेटन्सी पाहा, मग हैदराबाद सोडा, शेवटी मुंबई. जुनी आवृत्ती असेल तर ओव्हरराइड पॉलिसीने बाकीच्या क्लस्टरांचा टॅग जुन्यावर खिळवून ठेवा. क्लस्टर प्रॉपगेशन पॉलिसीतला बदल तर त्याहून मोठा, कारण तिला जुळणारी प्रत्येक गोष्ट नव्याने शेड्यूल होऊ शकते. तो बदल नेहमी दोन माणसांनी तपासून आणि कमी वर्दळीच्या वेळी करा.

एचपीएबद्दल (भार पाहून पॉडची संख्या कमी-जास्त करणाऱ्या ऑटोस्केलरबद्दल) एकच निर्णय महत्त्वाचा आहे. प्रत्येक सदस्यावर आपापला एचपीए ठेवला तर करमाडा बंद असतानाही स्केलिंग चालू राहते. फेडरेटेड एचपीए सगळ्यांचे आकडे एकत्र पाहतो, पण कंट्रोल प्लेन गेले की तोही थांबतो. ग्राहकांसमोरच्या सर्व्हिससाठी सदस्याचाच एचपीए ठेवा, आणि साच्यावर रेप्लिका राखण्याचे लेबल आहे हे तपासा. ते नसेल तर एचपीए १२ वर नेतो, करमाडा ६ वर आणते, आणि हे दिवसभर चालते.

फेलओव्हर

पुश पद्धतीत करमाडा सदस्याची स्थिती दर १० सेकंदांनी पाहते आणि ३० सेकंद सलग नापास झाली की त्याला 'नॉट रेडी' ठरवते. पुलमध्ये एजंटकडून ४० सेकंद काही आले नाही तर स्थिती 'अज्ञात' होते. तिथून आपोआप काम हलवण्याची सोय आहे, पण नव्या आवृत्त्यांत ती मुळात बंद ठेवलेली असते. ते योग्यच आहे.

ती चालू केली आणि मुंबईची फक्त लाइन तुटली, असे समजा. करमाडा मुंबईचे ६ पॉड हैदराबादला उभे करते. मुंबईतले जुने पॉड काढण्याचा आदेश मुंबईला पोहोचतच नाही, म्हणून तेही चालू. स्टेटलेस (स्वतःजवळ डेटा न ठेवणाऱ्या) वेब सर्व्हिससाठी यात फारसे नुकसान नाही. पण रात्रीचे सेटलमेंट चालवणारा एकुलता एक क्रॉनजॉब (ठरल्या वेळी चालणारे काम) असेल तर तो दोन्हीकडे चालतो आणि पैसे दोनदा जातात. कंट्रोल प्लेनला यावर उपाय करता येत नाही, तो अ‍ॅप्लिकेशनमध्येच लागतो: सामायिक डेटाबेसमधले कुलूप, लिखाणासोबत जाणारा वाढता क्रमांक, किंवा दोनदा आलेली विनंती ओळखणारी चावी. हे नसलेल्या एकाही कामाला आपोआप फेलओव्हर देऊ नका.

स्टेटफुलसेट (स्वतःचा क्रमांक आणि डेटा असलेल्या पॉडचा संच) तर क्लस्टरांमध्ये विभागूच नका. प्रत्येक क्लस्टर साधारणपणे शून्यापासून मोजतो, म्हणून मुंबईतही शून्य क्रमांकाचा पॉड आणि हैदराबादतही. दोघे स्वतःला प्रमुख समजू शकतात. व्हॉल्यूमही एका क्लस्टरमधून दुसरीकडे जात नाही. डेटाबेसची प्रतिकृती डेटाबेसच्या स्वतःच्या यंत्रणेने करा आणि प्रमुख बदलण्याचा निर्णय माणसाकडे ठेवा.

बाकीच्या सर्व्हिससाठी टॉलरेशन (क्लस्टर बिघडल्यावर काम हलवण्याआधी थांबायचा वेळ) किमान ३०० सेकंद द्या, म्हणजे दोन-चार मिनिटांच्या झटक्याला काम इकडून तिकडे उडत नाही. जुने पॉड ताबडतोब सोडले जात नाहीत. नवे तयार होईपर्यंत, किंवा मूळ सेटिंगप्रमाणे १० मिनिटांपर्यंत, ते राखले जातात. क्लस्टर परत आले की वाटणी आपोआप पूर्ववत होत नाही. त्यासाठी वर्कलोड रिबॅलन्सर हा वेगळा ऑब्जेक्ट लागू करावा लागतो. परतीचा प्रवास हाताने होतो हे बरेच आहे, कारण नुकतेच उठलेले क्लस्टर पुन्हा पडण्याची शक्यता जास्त असते.

जागेचा हिशेब मात्र कोणतेही साधन तुमच्यासाठी करत नाही. सारख्या आकाराची दोन क्लस्टर असतील आणि एक गेले तरी चालायचे असेल, तर प्रत्येकाचा वापर ५० टक्क्यांच्या आत हवा. तीन असतील तर साधारण ६६ टक्क्यांच्या आत. नोड ऑटोस्केलरवर विसंबायचे तर नवा नोड येऊन त्यावर इमेज उतरेपर्यंत जी मिनिटे जातात ती मोजून ठेवा. इमेज रजिस्ट्री फक्त मुंबईत असेल तर मुंबई पडल्यावर हैदराबादचे नवे पॉड इमेजअभावी अडकतील, म्हणून प्रत्येक रीजनमध्ये आरसा ठेवा. पॉड हलले तरी बाहेरून येणारी वाहतूक हलायला वेगळी सोय लागते. डीएनएसचा टीटीएल (पत्ता किती वेळ लक्षात ठेवायचा ती मुदत) ६० सेकंद ठेवलात तरी काही क्लायंट जुना पत्ता धरून बसतात, हे चाचणीत मोजा.

चाचणी दोन प्रकारे घ्या. एकदा क्लस्टरला हाताने 'नो एक्झिक्यूट' टेंट (तिथले काम हटवायला लावणारी खूण) लावून, ज्यात सदस्य जिवंत आणि संपर्कात असतो. दुसऱ्यांदा करमाडा आणि सदस्य यांच्यातली वाट फायरवॉलने अडवून. पहिली चाचणी बहुतेक सगळे घेतात. दोनदा चालणारी कामे दुसरीतच सापडतात.

अडले तर कुठे पाहायचे

साखळीच्या वरच्या टोकापासून खाली या. रिसोर्स बाइंडिंगच नसेल तर पॉलिसी जुळलेली नाही. नाव, प्रकार किंवा नेमस्पेस चुकली असेल. बाइंडिंग आहे पण शेड्यूल झालेले नाही, तर त्यातला संदेश वाचा. सदस्यांच्या आवृत्त्या वेगळ्या असतील तर अमुक क्लस्टरकडे हा एपीआयच नाही असे दिसेल. उदाहरणार्थ, पॉड डिसरप्शन बजेटची बीटा आवृत्ती कुबरनेटिस १.२५ मध्ये काढली गेली. स्वतःच्या प्रकाराची सीआरडी (नव्या ऑब्जेक्ट-प्रकाराची व्याख्या) एखाद्या सदस्यावर पोहोचली नसेल तरी हाच संदेश येतो. शेड्यूल झाले पण वर्क लागू झालेले नाही, तर आधीच असलेल्या वस्तूशी टक्कर, सदस्याच्या अ‍ॅडमिशन वेबहुकचा नकार किंवा अधिकारांची उणीव. वर्क लागू झाले आणि तरी पॉड उठत नाही, तर तो त्या क्लस्टरचा नेहमीचा प्रश्न. करमाडासीटीएलने क्लस्टरचे नाव देऊन लॉग तिथूनच पाहता येतात.

स्वतःच्या सीआरडीच्या रेप्लिका वाटल्या जात नसतील तर करमाडाला त्या प्रकारात रेप्लिकांचा आकडा कोणत्या जागी आहे हे माहीत नाही. रिसोर्स इंटरप्रिटरच्या कस्टमायझेशनमध्ये लुआच्या काही ओळी लिहून ते सांगावे लागते.

सुरुवात एका स्टेटलेस, आतल्या वापराच्या सर्व्हिसपासून करा, फेलओव्हर बंद ठेवून. त्यानंतरची दहा सर्व्हिस त्याच पॉलिसीच्या साच्यात बसतात. पैसे हलवणाऱ्या सर्व्हिस सगळ्यात शेवटी घ्या, दुसऱ्या प्रकारची चाचणी त्या सर्व्हिसवर पार पडल्यावरच.